सावेदादांची हरवलेली फीत

भारतीय चित्रपटाचा इतिहास सांगू लागणारा माणूस बहुधा ३ मे १९१३ या तारखेपासून आरंभ करतो. गिरगावातील सँडहर्स्ट रोडवरच्या कॉरोनेशन चित्रगृहात त्या दिवशी ‘राजा हरिश्चंद्र’ लागला आणि दादासाहेब फाळके या नाशिकच्या माणसाने एका नव्या उद्योगाचा पाया घातला. हे सर्व खरेच आहे, आणि फाळक्यांच्या मोठेपणाला कोणी उणेपणा आणू म्हणेल तर तो हास्यास्पद ठरेल. तथापि त्या तारखेच्या तब्बल चौदा वर्षे आधी, याच मुंबईत, एका मराठी माणसाने चलच्चित्राचा कॅमेरा तिवईवर चढवून त्याची मूठ फिरवली होती, ही गोष्ट इतिहासाच्या पुस्तकांत बहुधा एखाद्या ओळीत उरकली जाते. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर हे त्या माणसाचे नाव. लोक त्यांना सावेदादा म्हणत, आणि आडनाव मागे पडून तेच नाव टिकले. ‘राजा हरिश्चंद्रा’च्या आधीही एक हरिश्चंद्र होता, असे गमतीने म्हणता येईल. पण त्याची फीत उरली नाही, आणि जे उरत नाही त्याचा मान राखण्याची सवय आपल्याला नाही.

भाटवडेकरांचा जन्म १५ मार्च १८६८ रोजी मुंबईत झाला. व्यवसायाने ते छायाचित्रकार होते. त्या काळी छायाचित्रण हा मुंबईत सुस्थिर झालेला धंदा होता. काचेच्या तबकड्या, काळे कापड, ओळीने बसविलेली कुटुंबे, पगडी सावरून ताठ बसलेले शेठ आणि वकील, असा तो व्यवहार. या व्यवहारात जो मुरला त्याला प्रकाश कळतो, रसायने कळतात, आणि माणसाला क्षणभर निश्चल कसे बसवावे हेही कळते. चलच्चित्राने नेमके हे तिसरे कौशल्य निरुपयोगी ठरविले. यापुढे माणसाला थांबवायचे नव्हते, हलू द्यायचे होते. अठ्ठावीस वर्षांच्या या छायाचित्रकाराच्या आयुष्यात ही उलथापालथ १८९६ च्या जुलैमध्ये झाली.

त्या वर्षी ७ जुलैला काळ्या घोड्याजवळच्या वॉटसन हॉटेलात ल्यूमिएर बंधूंच्या सिनेमॅटोग्राफचा खेळ झाला. पॅरिसमध्ये २८ डिसेंबर १८९५ रोजी पैसे देऊन आलेल्या प्रेक्षकांसमोर पहिला खेळ झाला होता. त्यानंतर अवघ्या सहा-सात महिन्यांत तो चमत्कार मुंबईस पोहोचला. मारियस सेस्तिए हा ल्यूमिएरांचा प्रतिनिधी ऑस्ट्रेलियाकडे निघाला असता वाटेत मुंबईस उतरला, म्हणून ही संधी शहराला मिळाली. रुळांवरून येणारी आगगाडी, कारखान्यातून बाहेर पडणारे मजूर, समुद्रस्नान, पाडली जाणारी भिंत, अशी ती सहा छोटी चित्रे होती. प्रत्येक चित्र मिनिटभरही चालत नसे. आठवड्याभरात हे खेळ नॉव्हेल्टी नाट्यगृहात हलविण्यात आले, आणि चार आण्यांपासून दोन रुपयांपर्यंत दर ठेवल्यामुळे निरनिराळ्या थरांतले लोक तेथे जाऊ लागले. पडदानशीन स्त्रियांसाठी वेगळ्या जागाही ठेवल्या होत्या. या खेळांच्या प्रेक्षकांत भाटवडेकर होते. बाकीचे प्रेक्षक आश्चर्य करीत घरी गेले असतील. भाटवडेकरांनी ते यंत्र आपल्याला कोठून मिळेल याचा शोध सुरू केला. प्रेक्षक आणि कारागीर यांच्यात हा फरक असतो.

रायली बंधू या इंग्रजी कंपनीचा कॅमेरा त्यांनी विलायतेहून मागविला. किंमत एकवीस गिन्या. त्या वेळच्या हुंडणावळीने हा आकडा सव्वातीनशे-साडेतीनशे रुपयांच्या घरात जातो, आणि गिरणीतल्या कामगाराला तेवढे पैसे मिळविण्यास दोन वर्षांहून अधिक काळ राबावे लागले असते. शिवाय हा खर्च केवळ यंत्राचा. कोरी फीत विलायतेहून यायची. चित्रित केलेली फीत धुण्यासाठी आणि तिची प्रत काढण्यासाठी पुन्हा विलायतेस जायची. टपालाच्या आगबोटीने तिचे जाणे-येणे होण्यात महिना-सव्वा महिना सहज मोडायचा. फीत धुऊन आल्यावर तीत काही उमटलेच नाही असे दिसले, तर त्या दिवसाचा ऊन-पाऊस आणि तो प्रसंग परत आणण्याची काहीच सोय नव्हती. स्वतःच्या अंधाऱ्या खोलीत स्वतःची तबकडी धुणाऱ्या छायाचित्रकाराला ही परावलंबी स्थिती किती जाचली असेल, याची कल्पना करता येते.

नोव्हेंबर १८९९ मध्ये भाटवडेकरांनी आपले पहिले चित्रण केले. विषय होता कुस्तीचा. पुंडलिकदादा आणि कृष्णा न्हावी या दोन पहिलवानांची कुस्ती मलबार हिलवरील हँगिंग गार्डनमध्ये मुद्दाम योजण्यात आली होती. पाण्याच्या टाकीवर रचलेली ही बाग त्या वेळी वीसेक वर्षांची होती. विषयाची ही निवड मोठी शहाणपणाची होती, पण चित्रपटाचे इतिहासकार तिच्याकडे क्वचितच लक्ष देतात. तो कॅमेरा जागचा हलत नसे. मूठ फिरविणाऱ्याला सेकंदाला सुमारे सोळा चौकटी या गतीने ती फिरवीत राहावे लागे. त्याच वेळी चौकटीत काय येते आहे ते नेमके पाहण्याची सोय नसल्यासारखीच असे. फितीची संवेदनक्षमता अल्प असल्याने भरपूर ऊन लागे. आता कुस्तीचा विचार करावा. दोन माणसे, बांधीव जागा, सतत हालचाल, आणि ती सगळी ठरलेल्या वर्तुळाच्या आत. पहिलवान कितीही झुंजले तरी चौकटीबाहेर पळून जात नाहीत. पावसाळा उलटून आकाश मोकळे झालेला महिना, टेकडीवरची उघडी जागा, आणि गिरगाव-परळ-लालबागच्या तालमींत घुमणाऱ्या प्रेक्षकाला ज्याचे वेड आहे असा खेळ, इतक्या गोष्टी जमवून आणणारा माणूस केवळ हौशी नव्हता. याच सुमारास त्यांनी माकडांचा खेळ करणारा माणूस आणि त्याची माकडे यांचेही चित्रण केले. तेथेही तेच गणित आहे. मदारी आपली जागा सोडत नाही, आणि माकड थांबत नाही.

दोन्ही फिती धुण्यासाठी लंडनला गेल्या. दरम्यान भाटवडेकरांनी प्रक्षेपक यंत्र घेतले आणि परदेशी चित्रफितींचे खेळ ते उघड्या जागेत करू लागले. परदेशी फितींच्या जोडीला आपल्याच शहरातली कुस्ती पडद्यावर दिसणे, ही त्या वेळच्या मुंबईकराच्या दृष्टीने किती मोठी गोष्ट होती, ते आज उमगणे कठीण आहे. फ्रान्समधली आगगाडी पाहून माणूस थक्क होतो. ओळखीचा पहिलवान पडद्यावर लंगोट कसून उभा राहिला की तो ओरडून त्याला हाक मारतो. भारतीय प्रेक्षक हा प्राणी तेथे जन्मास आला, असे म्हणण्यास हरकत नसावी.

ही वर्षे मुंबईच्या इतिहासातील अत्यंत वाईट वर्षे होती, हेही येथे सांगितले पाहिजे. ल्यूमिएरांचे खेळ संपून महिना-दीड महिना होतो न होतो तोच, सप्टेंबर १८९६ मध्ये, डॉ. व्हिएगस यांना मांडवीत प्लेगचा रोगी आढळला. लाखो लोक शहर सोडून गेले. घरे तपासली गेली, चाळींच्या भिंतींना चुना फासला गेला, १८९८ मध्ये शहर सुधारण्यासाठी सिटी इंप्रूव्हमेंट ट्रस्ट स्थापन झाला. त्यातच १८९९-१९०० चा भीषण दुष्काळ आला. प्लेगची स्थिर छायाचित्रे त्या काळी काढली गेली आणि ती आज पाहावयास मिळतात. भाटवडेकरांच्या नावावर असलेल्या चित्रणांत मात्र प्लेग नाही. त्याबद्दल त्यांना दोष देणे सोपे आहे, पण ते न्याय्य होणार नाही. त्यांना पगार देणारी संस्था नव्हती. पदरचे पैसे घालून फीत विकत घ्यायची आणि तिकिटाच्या आण्यांतून ते वसूल करायचे, असा त्यांचा हिशेब होता. ज्या प्रेक्षकाच्या शेजारच्या खोलीतून प्रेत निघाले आहे तो प्रेत पाहण्यासाठी चार आणे देत नाही.

डिसेंबर १९०१ मध्ये भाटवडेकरांनी जे चित्रण केले त्याने त्यांचे नाव इतिहासात कायम झाले. रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे हा दापोली तालुक्यातल्या मुर्डी गावचा मुलगा. केंब्रिज विद्यापीठाच्या गणिताच्या परीक्षेत १८९९ साली त्याने सीनियर रँग्लर हा मान मिळविला. हा मान मिळविणारा तो पहिला भारतीय. ज्या परीक्षेत इंग्रजांची सर्वोत्तम मुले उतरत, तीत एका कोकणी मुलाने पहिला क्रमांक मिळवावा, याचा आनंद घराघरांत झाला होता. शिक्षण संपवून परांजपे परतले तेव्हा मुंबईत त्यांचे मोठे स्वागत झाले, आणि त्या गर्दीत भाटवडेकर आपला कॅमेरा घेऊन उभे होते. सर मंचरजी भावनगरी हे ब्रिटिश पार्लमेंटचे सभासद असलेले पारशी गृहस्थ. त्यांच्या आगमनाचेही चित्रण त्यांनी त्याच वर्षी केले. पारशी समाजाच्या आतश बेहरामविषयीचे त्यांचे चित्रणही याच काळातले.

कुस्ती आणि हे स्वागत यांत कारागिरीच्या दृष्टीने फार मोठे अंतर आहे. कुस्ती योजलेली होती. पहिलवानांना पुन्हा भिडण्यास सांगता आले असते. रँग्लर परांजप्यांना पुन्हा बोटीवरून उतरण्यास कोण सांगणार? गर्दी कोठून कोठे लोटेल, पाहुणा कोणत्या बाजूने येईल, ऐन वेळी कोणाचा फेटा भिंगासमोर येईल, यांतले काहीच हाती नाही. मूठ मात्र एकसारखी फिरविली पाहिजे. अशा प्रसंगी छायाचित्रकाराला आधीच जागा हेरावी लागते, उन्हाचा कोन मनात धरावा लागतो, आणि घटना घडण्याच्या क्षणभर आधी ती घडणार हे ओळखावे लागते. वार्तापटाच्या कॅमेरावाल्याची सारी विद्या ती हीच. ती शिकविणारे या देशात त्या वेळी कोणी नव्हते. म्हणूनच परांजप्यांच्या स्वागताच्या त्या फितीला भारतातील पहिला वार्तापट म्हटले जाते. तिचा विषय कोणी राजा किंवा लाटसाहेब नव्हता. तो एक गणिती होता, ही गोष्ट आपल्या समाजाला अभिमानास्पद वाटावी अशी आहे. पुढच्याच वर्षी हा गणिती पुण्याच्या फर्ग्युसन कॉलेजचा प्राचार्य झाला.

राजेलोकांची पाळी १९०३ मध्ये आली. सातव्या एडवर्डच्या राज्यारोहणाप्रीत्यर्थ लॉर्ड कर्झनने १ जानेवारीस दिल्लीत दरबार भरविला. हत्ती, अंबाऱ्या, संस्थानिक, तोफा, जे जे डोळ्यांत भरेल ते ते सर्व तेथे होते. दुष्काळातून नुकत्याच उठलेल्या देशात हा खर्च अनेकांना खुपला, पण कॅमेऱ्याच्या दृष्टीने तो मोठाच मेवा होता. परदेशी कॅमेरावालेही त्यासाठी आले होते. भाटवडेकरांनी मुंबईहून जाऊन त्याचे चित्रण केले. तेवढ्यावर त्यांच्या छायालेखनाची ज्ञात कारकीर्द संपते. जेमतेम चार वर्षांची कारकीर्द आणि हाताच्या बोटांवर मोजता येतील इतक्या फिती. कॅमेरा आनंदराव करंदीकर यांच्याकडे गेला, आणि भाटवडेकर बोरीबंदरच्या गेइटी नाट्यगृहाचे व्यवस्थापक झाले. पुढे या नाट्यगृहाचे नाव कॅपिटॉल झाले. व्यवस्थापक म्हणून त्यांनी पैसा मिळविला.

एवढा निष्णात माणूस थांबला कशासाठी? पुढे जे घडले त्याच्याशी ताडून पाहिले की उत्तर बरेच स्पष्ट होते. दादासाहेब फाळके १९१२ मध्ये लंडनला गेले तेव्हा त्यांनी तेथून केवळ विल्यमसन कॅमेरा आणला नाही. फितीला भोके पाडण्याचे यंत्र आणले, प्रत काढण्याचे यंत्र आणले, आणि फीत कशी धुवायची याचे ज्ञानही आणले. दादरच्या मेनरोडवरील बंगल्यात चित्रण होई आणि फीत घरच्या घरी धुतली जाई. सरस्वतीबाई दिवसभर मंडळींचा स्वयंपाक करून रात्री फितीला भोके पाडीत. त्र्यंबक तेलंग यांना फाळक्यांनी स्वतः कॅमेरा शिकविला, आणि ‘राजा हरिश्चंद्रा’चे छायालेखन तेलंगांनी केले. आज जे धुतले त्यात चूक दिसली तर उद्या पुन्हा चित्रण करता येते, ही मुभा फाळक्यांना मिळाली. सावेदादांना ती कधीच नव्हती. त्याच्या आदल्या वर्षी, १८ मे १९१२ रोजी, कॉरोनेशनमध्येच लागलेल्या दादासाहेब तोरणे यांच्या ‘श्री पुंडलिक’चे चित्रण जॉन्सन नावाच्या इंग्रज कॅमेरावाल्याने केले होते आणि फीत धुण्यासाठी विलायतेलाच धाडावी लागली होती. सावेदादांपासून तोरण्यांपर्यंत कॅमेरे बदलले, विषय बदलले, पण अंधारी खोली समुद्रापलीकडेच राहिली. ती ज्याने घरात आणली त्याचा उद्योग उभा राहिला. पहिला कोण, या वादात आपण जी शाई खर्च केली तिच्यातला थोडा भाग या अंधाऱ्या खोलीकडे वळवला असता तर बरे झाले असते.

सावेदादांचा कॅमेरा मात्र थांबला नाही. करंदीकर, पाटणकर आणि दिवेकर ही मंडळी एकत्र आली आणि त्यांनी प्रासंगिक चित्रणाचा तोच मार्ग पुढे चालविला. पाटणकर पुढे मूकपटांचे दिग्दर्शक म्हणून नावारूपास आले. पेशवाईतील नारायणरावाच्या वधावर त्यांनी १९१५ मध्ये काढलेला चित्रपट आपल्याकडील पहिल्या ऐतिहासिक चित्रपटांत गणला जातो. एका यंत्राच्या हस्तांतरातून एक परंपरा वाहत गेली, हे सावेदादांच्या खात्यावर जमा केले पाहिजे.

रशियातले उदाहरण येथे उद्बोधक आहे. एडवर्ड टिसे हा बाल्टिक किनाऱ्यावरील लिबाऊ गावचा छायाचित्रकार. पहिल्या महायुद्धात आणि नंतरच्या यादवी युद्धात त्याने आघाडीवर वार्ताचित्रण केले. गर्दी, धावपळ, धूर, हाताबाहेरच्या घटना, हे सर्व टिपण्यात त्याचा हात बसला. पुढे आयझेन्स्टाइनने ‘स्ट्राइक’ आणि ‘बॅटलशिप पोटेम्किन’ हे चित्रपट काढले तेव्हा कॅमेऱ्यामागे टिसे होता. ओडेसाच्या पायऱ्यांवरची ती जगप्रसिद्ध पळापळ ज्या डोळ्याने पाहिली, तो डोळा वार्तापटात तयार झालेला होता. सोव्हिएत सरकारने १९१९ मध्ये चित्रपटव्यवसाय आपल्या ताब्यात घेतला आणि त्याच वर्षी मॉस्कोत चित्रपटाचे विद्यालय काढले. त्यामागे प्रचाराचा हेतू होता हे उघड आहे, आणि त्या प्रचारयंत्राने कलावंतांची पुढे कशी मुस्कटदाबी केली हेही जगाला माहीत आहे. पण त्या व्यवस्थेत जुन्या फिती जपल्या गेल्या. एस्फिर शुब या बाईने १९२७ मध्ये झारच्या काळातल्या, टाकाऊ म्हणून पडून राहिलेल्या वार्ताफिती शोधून, जुळवून, ‘रोमानोव्ह घराण्याचा अस्त’ हा चित्रपट उभा केला. ज्या कॅमेरावाल्यांनी सम्राटाच्या समारंभांची चित्रे काढली होती, त्यांच्या कामाला असा अनपेक्षित अर्थ आला. कर्झनच्या दरबाराची सावेदादांची फीत आज हाती असती तर एखाद्या भारतीय दिग्दर्शकाने तिच्यातून काय उभे केले असते?

ती फीत नाही. कुस्तीही नाही, परांजप्यांचे स्वागतही नाही. सावेदादांच्या सर्व फिती नष्ट झाल्या आहेत. त्या काळची फीत नायट्रेटची असे. ती आपोआप कुजते, उष्णतेने पेट घेते, आणि तिच्यातली चांदी काढून घेण्यासाठी ती भंगारातही विकली जाई. मुंबईच्या दमट हवेने यात आपला वाटा उचलला. आपल्याकडे सुमारे १,३०० मूकपट निघाले असे मानले जाते. त्यांपैकी संपूर्ण किंवा तुकड्यांत मिळून फारच थोडे शिल्लक आहेत. खुद्द ‘राजा हरिश्चंद्रा’ची दोनच रिळे उरली, आणि तीही १९१७ च्या पुनर्निर्मितीची असावीत असा अभ्यासकांत वाद आहे. पहिला बोलपट ‘आलम आरा’ १४ मार्च १९३१ रोजी गिरगावातील मॅजेस्टिक चित्रगृहात झळकला. दुसऱ्या दिवशी सावेदादांनी वयाची त्रेसष्ट वर्षे पुरी केली. त्या बोलपटाचीही आज प्रत नाही.

सावेदादा दीर्घायुषी झाले. दादरला रणजित स्टुडिओ उभा राहिला, परळच्या लवजी कॅसलमध्ये वाडिया मूव्हिटोन आले आणि १९४२ मध्ये त्याच जागी व्ही. शांताराम यांनी राजकमल कलामंदिर स्थापिले. फाळके १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशिकला वारले. हा सर्व विस्तार सावेदादांच्या हयातीत झाला. ज्या शहरात एकेकाळी एका कुस्तीची फीत धुण्याचीही सोय नव्हती, त्या शहरात चित्रपटाच्या प्रयोगशाळा रात्रंदिवस चालू लागल्या. एवढ्या अवधीत कोणी त्यांच्याकडे जाऊन त्यांच्या आठवणी तपशीलवार टिपून ठेवावयास हव्या होत्या, उरलासुरला फितीचा तुकडा शोधावयास हवा होता. पण जुन्या फिती जमविणारी संस्थाच देशात नव्हती. राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय पुण्यात स्थापन झाले ते १९६४ मध्ये. त्या वेळी सावेदादांना जाऊन सहा वर्षे झाली होती. त्यानंतरही दैवाने पाठ सोडली नाही. जानेवारी २००३ मध्ये पुण्यातील नायट्रेट फितींच्या कोठारास आग लागली आणि जे कसेबसे वाचले होते त्यातलेही पुष्कळ गेले.

सावेदादा २० फेब्रुवारी १९५८ रोजी निवर्तले. नव्वदी पुरी होण्यास महिन्याहून कमी काळ उरला होता. स्वतंत्र भारताच्या सरकारने १९४८ मध्ये फिल्म्स डिव्हिजन सुरू केली होती. तिचे कॅमेरावाले धरणांची उद्घाटने, पूर, परदेशी पाहुण्यांची आगमने टिपत हिंडत होते, आणि देशभरातल्या चित्रगृहांत मुख्य चित्रपटाआधी ते वार्तापट दाखविणे बंधनकारक होते. सावेदादांनी चार वर्षे पदरमोड करून जे केले, तेच करणारी ही माणसे सरकारी पगारावर होती. त्यांच्या फिती धुण्यासाठी आगबोटीची वाट पाहावी लागत नव्हती. या संस्थेचे ठाणे पुढे पेडर रोडवर आले. २०२२ मध्ये ती राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाली, आणि तिच्या आवारातील गुलशन महालात २०१९ पासून भारतीय चित्रपटाचे राष्ट्रीय संग्रहालय आहे. ज्या बागेत पुंडलिकदादा आणि कृष्णा न्हावी भिडले, ती तेथून जवळच, टेकडीच्या माथ्यावर आहे.